स्कियापारेल्ली यान : सॉफ्टवेअरची विश्वासार्हता

मंगळावर उतरण्याच्या प्रयत्नात कोसळलेले युरोपीय अवकाश संस्थेचे चाचणी-यान. अवकाशयानातील सॉफ्टवेअरच्या गुणवत्तेचा विचार करताना हे उदाहरण महत्त्वाचे ठरते.

१९ ऑक्टोबर २०१६ रोजी यान मंगळाच्या वातावरणात शिरले. त्याचा क्षीण रेडिओ-संदेश जुन्नर तालुक्यातील खोडद येथील जीएमआरटी दुर्बिणीने टिपला. प्रत्येकी ४५ मी. व्यासाच्या ३० अँटेनांची ही दुर्बीण आहे. नियोजित अवतरणाच्या सुमारे एक मिनिट आधी संदेश थांबला.

कारण : हवाई छत्री उघडल्यावर यान अपेक्षेपेक्षा वेगाने फिरले. फिरण्याचा वेग मोजणाऱ्या उपकरणाची मर्यादा सुमारे एक सेकंद ओलांडली गेली. त्यामुळे मिळालेल्या चुकीच्या मापावरून सॉफ्टवेअरने काढलेली उंची शून्याखाली, म्हणजे जमिनीच्याही खाली, आली. प्रत्यक्षात यान सुमारे ३.७ किमी. उंच होते. तरीही छत्री सुटली, वेग कमी करणारी इंजिने जेमतेम ३ सेकंद चालली आणि यान आदळले.

बोध : २०१७ च्या चौकशी अहवालाने सॉफ्टवेअरच्या कणखरपणावर बोट ठेवले. आलेले माप शक्यतेच्या कक्षेत आहे का, हे सॉफ्टवेअरने पडताळावे. रडारसारख्या दुसऱ्या उपकरणाशी ते ताडून पाहावे. उड्डाणापूर्वीच्या चाचण्यांत मुद्दाम बिघडलेली मापे द्यावीत. आज्ञावली बिनचूक चालणे पुरेसे नाही. चुकीच्या माहितीवरही ती सावरली पाहिजे.