वीरा साथीदार यांना अभिनय करावा लागला नाही, असे कोण म्हणते?

म्हसावदला आमच्या अभ्यासवर्गात मुलांना 'कोर्ट' हा चित्रपट दाखवला. संपल्यावर एक मुलगा म्हणाला, "दादा, हे वीरा साथीदार खरोखरचेच कार्यकर्ते होते ना? मग त्यांना अभिनय करायची गरजच काय पडली?" त्याने कौतुकच केले होते. पण हेच वाक्य मी शिकलेल्या रसिकांकडूनही ऐकले आहे. त्यात एक जुनी गफलत आहे.

आधी इतिहास पाहू. वीरा साथीदार हे नागपूरचे आंबेडकरी कार्यकर्ते आणि 'विद्रोही' नियतकालिकाचे संपादक. चैतन्य ताम्हाणे यांच्या 'कोर्ट'मध्ये त्यांनी लोकशाहीर नारायण कांबळे उभा केला. 2014 मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात चित्रपटाला दोन पुरस्कार मिळाले. पुढच्या वर्षी सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि ऑस्करसाठी भारताची अधिकृत प्रवेशिका म्हणूनही तो निवडला गेला.

कथेत कांबळेवर आरोप आहे की, त्याचे गाणे ऐकून वासुदेव पवार या सफाई कामगाराने गटारात जीव दिला. आत्महत्येस प्रवृत्त करण्याचा हा गुन्हा. प्रत्यक्षात वासुदेव सुरक्षा साधनांशिवाय गटारात उतरत होता, हे त्याच्या बायकोच्या साक्षीतून कळते. पण साधने न देणारा आरोपीच्या पिंजऱ्यात येत नाही. गाणारा येतो.

आता मुद्द्याकडे येऊ. साथीदार म्हणजेच कांबळे का? साथीदार नागपूरचे, कांबळे मुंबईचा. साथीदार लिहिणारे, सभांमधून बोलणारे. कांबळे मंचावर पेटतो, पण कोर्टात बहुतेक वेळ गप्प बसतो. तारखांमागून तारखा पडतात आणि हा म्हातारा थकलेल्या शांतपणे सगळे बघत राहतो. बोलण्याची सवय असलेल्या माणसाने ही शांतता पडद्यावर आणणे, यालाच अभिनय म्हणतात.

दिग्दर्शकाने अनेक भूमिकांसाठी मुद्दाम नवखे चेहरे घेतले, हे खरे. पण त्याच चित्रपटात सरकारी वकील साकारणाऱ्या गीतांजली कुलकर्णी राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकलेल्या आहेत. त्यांच्या कामाला आपण अभिनय म्हणतो, आणि ते योग्यच आहे. मग साथीदारांचेच काम 'आपोआप' कसे झाले?

दलित आत्मकथने आली तेव्हाही हेच झाले. 'हा अनुभव आहे, साहित्य कुठे?' असे विचारले गेले. म्हणजे वेदना आमची, पण कला त्यांची! आमच्या माणसाकडे फक्त जगणे असते, कसब नसते, हा समज जातिव्यवस्थेतूनच आलेला आहे. श्रमाची विभागणी करता करता तिने प्रतिभेचीही विभागणी केली. भीमराव कर्डकांचा जलसा, वामनदादांची गाणी, अण्णाभाऊंचे कलापथक ही आमची नाट्यविद्यालये होती. तिथे प्रमाणपत्र मिळत नव्हते, एवढाच फरक.

आपल्या भागालाही ही गोष्ट परकी नाही. 1972 मध्ये शहाद्यात श्रमिक संघटना उभी राहिली. जमीन आणि मजुरीसाठी आदिवासी लढले. अशा लढ्यांत माणसे गोळा करणारा आवाज कोणाचा असतो, हे इथल्या जुन्या माणसांना विचारा.

13 एप्रिल 2021 रोजी, भीमजयंतीच्या आदल्या दिवशी, कोरोनाने साथीदार गेले. गोष्ट तिथे संपली नाही. मे 2025 मध्ये नागपुरात त्यांच्या स्मृतिप्रीत्यर्थ झालेल्या कार्यक्रमात फैज अहमद फैज यांची नज्म सादर झाली, म्हणून पोलिसांनी गुन्हा नोंदवला. त्यात देशाचे सार्वभौमत्व धोक्यात आणल्याचे, भारतीय न्याय संहितेचे कलम 152 लावले गेले. चित्रपटात गाणे आरोपी होते. त्यात काम करणाऱ्याच्या स्मृतिसभेत नज्म आरोपी झाली.

म्हणून मित्रांनो, साथीदारांना 'एका चित्रपटाचा नट' म्हणून लहान करू नका आणि 'नट नव्हतेच' म्हणून तर मुळीच नको. कार्यकर्ता, संपादक आणि कलावंत ही तिन्ही कामे त्यांनी मेहनतीने केली. येत्या 13 एप्रिलच्या संध्याकाळी आपापल्या विहारात 'कोर्ट' दाखवा. नंतर चर्चा ठेवा. आणि कोणी म्हटलेच की 'हा अभिनय नाही', तर त्याला शांतपणे विचारा: मग अभिनय कोणाचा?

जय भीम!