आकाशाची खतावणी

जुन्या पेढीवर दोन वह्या असत. रोजकीर्दीत दिवसाचा व्यवहार घडेल त्या क्रमाने लिहिला जाई आणि खतावणीत त्याच नोंदी खातेवार मांडल्या जात. लिहिणाऱ्याला व्यवहारामागील हेतू ठाऊक असावा अशी अपेक्षा नसे. मिती, नाव आणि रक्कम यांत चूक होऊ नये, एवढीच असे. अठराव्या व एकोणिसाव्या शतकांत युरोपातील निरीक्षकांनी आकाशातील अंधुक, ढगासारख्या ठिपक्यांच्या ज्या याद्या केल्या, त्यांचा इतिहास या दृष्टान्ताने चांगला उलगडतो. हे ठिपके म्हणजे नेमके काय, हे याद्या करणाऱ्यांना माहीत नव्हते. तरीही त्यांच्या याद्या टिकल्या. ठिपक्यांविषयी मांडलेल्या उपपत्ती मात्र पुनःपुन्हा बदलाव्या लागल्या.

या याद्यांपैकी सर्वांत प्रसिद्ध यादी करणारा शार्ल मेसिये हा पेशाने खरोखरच लेखनिक होता. लॉरेन प्रांतात जन्मलेला हा तरुण १७५१ साली पॅरिसला आला आणि नौदलाचा ज्योतिर्विद देलिल याच्याकडे नोकरीस राहिला. त्याचे अक्षर सुवाच्य होते आणि त्याला नकाशे काढता येत; हेच त्याचे भांडवल. १७५८ मध्ये एका धूमकेतूचा माग घेत असता वृषभ राशीत त्याला एक फिकट पांढुरका ठिपका दिसला. धूमकेतू ताऱ्यांमधून सरकतो. हा ठिपका जागचा हलेना. इंग्लंडमधील जॉन बेव्हिस याने तो १७३१ मध्येच पाहिला होता. मेसियेला ध्यास होता तो धूमकेतूंचा, आणि असे अचल ठिपके शोधकाची फसगत करीत. म्हणून त्याने त्यांची स्थाने टिपून ठेवण्यास आरंभ केला.

१७७१ साली फ्रेंच अकादमीपुढे ठेवलेल्या त्याच्या पहिल्या यादीत ४५ नोंदी होत्या. पुढे पिएर मेशँ या सहकाऱ्याच्या शोधांची भर पडून १७८१ मध्ये ही संख्या १०३ झाली. पहिल्या यादीच्या शेवटी एक मौज आहे. ४४ वी नोंद पुष्य नक्षत्रातील अंधुक पुंजक्याची, तर ४५ वी आपल्या कृत्तिकांची. डोळ्यांना एकेक तारा सुटा दिसणाऱ्या कृत्तिकांना धूमकेतू समजण्याची चूक कोणता निरीक्षक करील? फसव्या ठिपक्यांपासून सावध करण्याचा मूळ हेतू यादीने येथेच ओलांडला होता. वगळण्यासाठी लिहावयास घेतलेली वही हळूहळू संग्रहाची वही होत होती.

वही म्हटली की चूकही आलीच. मेसियेने ४७ व्या क्रमांकावर एक तारकागुच्छ नोंदविला; परंतु त्याने दिलेल्या स्थानी पुढील निरीक्षकांना काहीच आढळेना. विसाव्या शतकात उलगडा झाला. एका ज्ञात ताऱ्यापासूनचे अंतर मोजून त्याने गुच्छाचे स्थान काढले होते. त्या गणितात अधिकाचे उणे झाले होते. जमेची रक्कम नावे पडावी, तसा हा प्रकार. चिन्ह उलटे करताच ठळक तारकागुच्छ आपल्या जागी सापडला. कोणत्या ताऱ्यापासून मोजले हे त्याने लिहून ठेवले नसते, तर ही चूक कधीच दुरुस्त झाली नसती. आपली चूक दुसऱ्याला शोधता यावी अशा रीतीने लिहिणे, हाच नोंद करणाराचा खरा प्रामाणिकपणा होय.

मेसियेची यादी १७८१ च्या अखेरीस इंग्लंडमध्ये विल्यम हर्शेलच्या हाती पडली. हर्शेलजवळ स्वतः घडविलेल्या मोठ्या परावर्ती दुर्बिणी होत्या. मेसियेला ढगासारखे दिसलेले अनेक ठिपके त्याच्या दुर्बिणीतून असंख्य सुट्या ताऱ्यांचे दिसू लागले. तेव्हा सर्वच तेजोमेघ हे दूरचे तारकापुंज असावेत, असा निष्कर्ष त्याने काढला. मात्र नोव्हेंबर १७९० मध्ये एका ताऱ्याभोवती तेजस्वी वलय त्याला दिसले आणि काही मेघ खरोखरच प्रकाशमान द्रव्याचे असले पाहिजेत, हे त्याने मान्य केले. मत बदलले, पण १७८६, १७८९ आणि १८०२ या वर्षी प्रसिद्ध झालेल्या त्याच्या तीन याद्यांतील अडीच हजार नोंदींपैकी एकही या मतांतरामुळे निरुपयोगी ठरली नाही.

या नोंदी लिहिणारा हात मात्र हर्शेलचा नव्हता. त्याची धाकटी बहीण कॅरोलाइन १७७२ मध्ये हॅनोव्हरहून त्याच्याकडे आली, ती गायनाचे शिक्षण घेण्यासाठी. पुढे भावाच्या छंदाने तिचे गाणे मागे पडले. तो दुर्बिणीशी उभा राहून दिसेल ते मोठ्याने सांगे. ती दिव्यापाशी बसून वेळ आणि वर्णन टिपून घेई व दिवसा त्यांची शुद्ध प्रत करी. १७८३ च्या अखेरच्या रात्री बर्फावरून घसरून एक लोखंडी आकडा तिच्या पायात रुतला. जखम मोठी होती. १७८७ पासून राजाने तिला वार्षिक ५० पौंड वेतन दिले. तिने स्वतः आठ धूमकेतू शोधले आणि काही तारकागुच्छही. मेसियेचा हरवलेला ४७ वा गुच्छ तिला १७८३ मध्येच स्वतंत्रपणे दिसला होता. तो हाच, हे त्या वेळी कोणी ओळखले नाही.

तिचे मोठे काम मात्र उतारवयातले. भावाने ठिपक्यांची विभागणी दिसण्यावरून आठ वर्गांत केली होती आणि प्रत्येक वर्गात शोधाचा क्रम राखला होता. आकाश पट्ट्यापट्ट्याने पुन्हा तपासू पाहणाऱ्याला ही मांडणी गैरसोयीची होती. १८२२ मध्ये भाऊ वारल्यावर कॅरोलाइन हॅनोव्हरला परतली आणि पंचाहत्तरीच्या आसपास तिने त्या साऱ्या नोंदी आकाशातील स्थानानुसार नव्याने लावल्या. नवा शोध त्यात एकही नव्हता. रोजकीर्दीची खतावणी झाली होती. या कार्याबद्दल १८२८ मध्ये लंडनच्या ज्योतिर्विद्या संस्थेने तिला सुवर्णपदक दिले.

ती वही हाती घेऊन तिचा पुतण्या जॉन हर्शेल याने उत्तरेचे आकाश पुन्हा तपासले आणि १८३४ ते १८३८ या काळात आफ्रिकेच्या दक्षिण टोकाहून दक्षिणेचेही. त्याच्या १८६४ च्या सूचीत ५,०७९ नोंदी झाल्या. त्याच वर्षी वर्णपटाच्या साहाय्याने विल्यम हगिन्सने एक तेजोमेघ वायुरूप असल्याचे सिद्ध केले. १८८८ मध्ये ड्रेयरने केलेल्या नव्या सूचीत ७,८४० नोंदी आल्या. तिचे क्रमांक आजही वापरात आहेत. मेसियेच्या यादीतील ३१ वा ठिपका देवयानी तारकासमूहातला. १९२३ मध्ये एडविन हबलला त्यात एक रूपविकारी तारा सापडला. त्यावरून तो मेघ आकाशगंगेच्या बाहेरची स्वतंत्र दीर्घिका ठरला. आजच्या मापनानुसार तिचे अंतर सुमारे २५ लाख प्रकाशवर्षे आहे.

आणि मेसियेला चकवा देणारा तो पहिला ठिपका? १०५४ मध्ये चिनी निरीक्षकांनी ‘पाहुणा तारा’ म्हणून नोंदविलेल्या स्फोटाचा तो अवशेष. त्यांनाही स्फोट म्हणजे काय ते ठाऊक नव्हते. त्यांनी दिवस आणि दिशा लिहून ठेवली. सात शतकांनी मेसियेने स्थान लिहिले. दोन निराळ्या पेढ्यांवरच्या या दोन नोंदींचा मेळ विसाव्या शतकात बसला. अर्थ लावणारांची नावे इतिहास ठळक अक्षरांत लिहितो आणि ते योग्यच आहे. पण ताळा जुळला तो आधी कोणीतरी मिती चुकविली नव्हती म्हणून.