परीटघडीचा दाखला

जर्मन भाषेत ‘पेर्झिलशाइन’ असा एक शब्द आहे. पेर्झिल हे तेथील घरोघरी ठाऊक असलेल्या धुण्याच्या पुडीचे नाव, आणि ‘शाइन’ म्हणजे दाखला. तेव्हा शब्दशः अर्थ होतो तो धुण्याच्या पुडीचा दाखला. मराठीत त्याला प्रतिशब्द शोधू लागलो तेव्हा प्रथम ‘शुद्धिपत्र’ सुचले. परंतु मराठेशाहीत प्रायश्चित्त घेऊन स्वजातीत परतलेल्या माणसाला धर्माधिकाऱ्यांकडून मिळणारा हा मूळचा भारदस्त कागद पुढे छापखान्यांनी बळकावला, आणि पुस्तकाच्या अखेरीस येणारी चुकलेल्या वेलांट्यांची यादी एवढाच अर्थ त्याला उरला आहे. ‘धुतल्या तांदळासारखा’ हा आपला वाक्प्रचार अर्थाने जवळचा खरा, पण त्यात जो भाबडेपणा आहे तो या जर्मन शब्दात औषधालाही नाही. कारण हा दाखला लिहिणारा, घेणारा आणि तो वाचून निकाल देणारा, अशा तिघांनाही त्याची किंमत ठाऊक होती, आणि ती ठाऊक असल्यामुळेच त्याला हे थट्टेचे नाव पडले.

पुडीची हकिकत जुनी आहे. ड्युसेलडॉर्फच्या हेंकेल कंपनीने १९०७ सालच्या जून महिन्यात ती बाजारात आणली, आणि तिच्यातील परबोरेट व सिलिकेट या दोन द्रव्यांची आद्याक्षरे जोडून तिचे नाव सिद्ध केले. तोवर कपडा पांढरा करायचा म्हणजे तो फळीवर घासायचा आणि मग हिरवळीवर उन्हात पसरून ठेवायचा, अशी रीत होती. परबोरेटमधून सुटणारा प्राणवायू ते काम उकळत्या पाण्यात आपोआप करू लागला, आणि कष्टावाचून शुभ्रता हे त्या पुडीचे ब्रीद झाले. १९२२ साली कुर्ट हायलिगेनश्टेट नावाच्या बर्लिनच्या चित्रकाराने पांढरा पोशाख आणि टोपी घातलेली, हाती पेर्झिलचे पुडके धरलेली एक तरुणी जाहिरातीसाठी रंगविली. ती भिंतींवरून आणि चौकातील घड्याळांवरून जर्मन नागरिकाकडे अशी काही पाहत राहिली, की पांढरे म्हटले की पेर्झिल हे समीकरण पोराबाळांच्याही डोक्यात पक्के बसले. पुढे हिटलरच्या पक्षाने आपल्या स्वयंसेवकांना तपकिरी सदरे चढविले. तपकिरी आणि पांढरा हे दोन रंग एकमेकांसमोर येताच विनोद आपोआप तयार होणार होता. त्याला फक्त पराभवाची वाट पाहावी लागली. सैन्यात नव्याने दाखल होणारा शिपाई आपले मुलकी कपडे घरी परत पाठविण्यासाठी पेर्झिलचा रिकामा खोका बरोबर नेत असे, त्यावरून हा शब्द निघाला अशीही एक व्युत्पत्ती काहीजण सांगतात. ती खरी मानली तरी शब्दाला प्रतिष्ठा, किंवा अप्रतिष्ठा म्हणा, लाभली ती युद्धानंतरच.

८ मे १९४५ रोजी जर्मनी बिनशर्त शरण आला. मुलूख चौघा जेत्यांत वाटला गेला, जर्मन सरकार म्हणून काही उरले नाही, आणि लष्करी अंमलदारांपुढे जी कामे आली त्यांतले एक असे होते की त्यास इतिहासात फारसा दाखला नव्हता: एका संपूर्ण राष्ट्राच्या कारभारातून एका राजकीय पक्षाची माणसे वेचून काढायची. पक्षाचे सभासद ऐंशी लाखांहून अधिक. त्यांची पत्रके नष्ट करण्याचा हुकूम पक्षाने अखेरच्या दिवसांत सोडला होता, आणि ती लगद्यासाठी म्युनिकजवळच्या एका कागदगिरणीत पोचलीही होती. पण गिरणीच्या मालकाने ती इतर रद्दीखाली दडवून ठेवली, आणि त्याच वर्षाच्या शरदात ती अमेरिकनांच्या हाती लागली. कोण सभासद होता हे त्यावरून कळत होते. तो का झाला, आणि होऊन त्याने काय केले, हे मात्र कोणत्याही पत्रकावर लिहिलेले नव्हते, आणि सारे प्रकरण पुढे जाऊन अडले ते याच जागी.

अमेरिकनांनी यावर जो उपाय योजला तो त्यांच्या स्वभावाला धरूनच होता: त्यांनी एक प्रश्नावली छापली. ‘फ्रागेबोगन’ या नावाने कुप्रसिद्ध झालेल्या या कागदात १३१ प्रश्न होते. उंची, वजन, केसांचा व डोळ्यांचा रंग, अंगावरील व्रण, धर्म, शिक्षण, नोकऱ्या, मिळकत, डझनावारी संघटनांतील सभासदत्व, केलेली भाषणे, लिहिलेले लेख, एवढ्यावर न थांबता १९३२ च्या नोव्हेंबरात आणि १९३३ च्या मार्चमध्ये मत कोणत्या पक्षाला दिले हेही विचारले होते. लोकशाहीचे धडे द्यायला आलेल्यांनी गुप्त मतदानाचा तपशील लेखी मागावा यातील गंमत जर्मनांच्या नजरेतून सुटणे शक्य नव्हते. परराष्ट्रमंत्री राटेनाउच्या खुनाच्या कटात कैद भोगलेल्या एर्न्स्ट फॉन झालोमोनने पुढे १९५१ साली हेच प्रश्न घेऊन, त्यांना पाल्हाळिक आणि कुत्सित उत्तरे देत एक जाडजूड ग्रंथ रचला आणि तो धडाक्याने खपला. त्याच्या कुत्सितपणाचे मला कौतुक नाही, परंतु तो कोणाला आवडला असेल हे सहज समजते.

१९४५ च्या सप्टेंबरात लष्करी सरकारचा आठ क्रमांकाचा कायदा निघाला, आणि पक्षाच्या सभासदाला खाजगी धंद्यातही साध्या मजुराहून वरच्या कामावर ठेवण्यास मनाई झाली. शाळांतून मास्तर, कचेऱ्यांतून कारकून, कारखान्यांतून तंत्रज्ञ बडतर्फ होऊ लागले. पण शहरे ढिगाऱ्यांत पडलेली, हिवाळा तोंडावर आलेला, आणि कोळसा वाहून आणणारी आगगाडी, नळाला पाणी पोचविणारे यंत्रघर, शिधापत्रिका लिहिणारी कचेरी ही सगळी चालवायची कोणी? बव्हेरियाचा अंमल ज्याच्याकडे होता त्या सेनापती पॅटनने वार्ताहरांसमोर नाझी पक्षाची तुलना अमेरिकेतील दोन पक्षांच्या चुरशीशी केली आणि तेवढ्यावरून आपला हुद्दा गमावला. त्याची उपमा निर्लज्ज होती. पण ज्या अडचणीतून ती निघाली ती खोटी नव्हती, कारण ज्यांना शिक्षा करायची त्यांच्याच हातून देश उभा करून घ्यायचा, हा पेच प्रत्येक ठाण्यावरच्या अंमलदारासमोर रोज सकाळी नव्याने उभा राहत होता.

अखेर अमेरिकनांनी हे ओझे जर्मनांच्याच खांद्यावर टाकले. ५ मार्च १९४६ रोजी म्युनिक येथे मुक्तिकायदा मंजूर झाला. अठरा वर्षांवरील प्रत्येकाने नोंदपत्रक भरावयाचे, आणि ते भरल्याची पोच दाखविल्यावाचून शिधापत्रिका मिळावयाची नाही, अशी चोख व्यवस्था असल्यामुळे एक कोटी तीस लाखांहून अधिक पत्रके जमा झाली. त्यांच्या चौकशीसाठी ‘श्प्रुखकामर’ नावाची ५४५ न्यायमंडळे स्थापन झाली. त्यांवर बसणारे बहुतेक पंच गावचेच, कायद्याचे शिक्षण नसलेले. वर्ग पाच ठरले: मुख्य अपराधी, अपराधी, कमी अपराधी, ‘मिटलॉयफर’ आणि निर्दोष. मिटलॉयफर म्हणजे शब्दशः बरोबर धावणारा. आपण त्याला होयबा म्हणू. या कायद्यातील मर्माची तरतूद अशी की, वरच्या दोन वर्गांत ज्याची गणना झाली त्याने आपले निरपराधित्व स्वतः शाबीत करावयाचे. शाबिती करायची म्हणजे पुरावा हवा, आणि पुरावा म्हणजे कोणीतरी शपथेवर लिहून दिलेला कागद.

पेर्झिलशाइनचा जन्म या तरतुदीच्या पोटी झाला.

हे कागद लिहीत धर्मगुरू, डॉक्टर, मालक, शेजारी, जुने गुरुजी, आणि मिळालाच तर एखादा समाजवादी सहकारी. मजकूर बहुधा ठरीव असे: गृहस्थ पक्षात गेला तो केवळ नोकरी टिकावी म्हणून, दर रविवारी चर्चमध्ये येत असे, हिटलरच्या नावाचा नमस्कार टाळून जुन्या पद्धतीने देवाचे नाव घेत असे, चोरून परदेशी नभोवाणी ऐके, आणि एका ज्यू शेजाऱ्याशी अखेरपर्यंत माणुसकीने वागला. छळछावणीतून जिवंत परतलेल्याच्या हातचा दाखला सर्वांत मोलाचा मानला जाई; असे लिहून देणारे फार थोडे उरले होते, आणि ते थोडे का उरले हा प्रश्न दाखला मागायला गेलेल्याने बहुधा विचारला नसावा. दोन सहकाऱ्यांनी परस्परांचे दाखले लिहावेत हेही सर्रास घडे. उंदराला मांजर साक्ष म्हणतात ते याहून निराळे नाही. उलट विरुद्ध साक्ष द्यायला कोणी पुढे येईना, कारण पंच, साक्षीदार आणि आरोपी एकाच गल्लीत राहत, एकाच दुकानातून बटाटे घेत, आणि निकालानंतरही तेथेच राहणार होते.

धर्मगुरूंचा वाटा यात मोठा होता. त्यांतील काही केवळ दयेने लिहीत, काही आपल्या कळपातील मेंढरू म्हणून. स्वतः साक्सनहाउझेन आणि डाखाउ येथील छावण्यांत वर्षानुवर्षे बंदिवास भोगलेला मार्टिन नीमोलर १९४८ च्या फेब्रुवारीत या चौकशांवर बहिष्कार घालण्याचे आवाहन आपल्या पाद्र्यांना करतो, तेव्हा ही पद्धत नाझींच्या कैवाऱ्यांनाच नव्हे तर त्यांच्या बळींनाही असह्य झाली होती, एवढे तरी मान्य करावे लागते. विद्वानांची गोष्ट निराळी नव्हती. हायझेनबर्गसारख्या शास्त्रज्ञानेही असे पुष्कळ दाखले लिहिले. म्हणूनच तत्त्वज्ञ कार्ल यास्पर्सचे पत्र या ढिगात उठून दिसते. फ्रेंच अंमलाखालील फ्रायबुर्ग विद्यापीठाच्या चौकशी समितीने मार्टिन हायडेगरविषयी त्याचा जुना मित्र म्हणून यास्पर्सचे मत मागविले. यास्पर्सची पत्नी ज्यू होती आणि दोघांनीही बारा वर्षे भीतीच्या छायेत काढली होती. १९४५ च्या डिसेंबरात त्याने लिहिले ते असे, की हा मनुष्य थोर विचारवंत आहे, त्याला लेखनासाठी निवृत्तिवेतन द्यावे, परंतु तूर्त विद्यार्थ्यांपुढे उभे करू नये. मैत्री आणि सत्य या दोहोंना ज्याचे त्याचे माप घालणारा एवढा नेटका कागद त्या दप्तरांत विरळाच असेल. अर्थात त्याला कोणी पेर्झिलशाइन म्हटले नाही.

न्यायमंडळांसमोर लाखो प्रकरणे तुंबली, आणि ती उपसण्यासाठी जो क्रम लागला त्याने उरलासुरला न्यायही उलटा झाला. सोपी, किरकोळ प्रकरणे आधी निकालात निघाली. पत्रव्यवहार आणि साक्षीपुरावे मोठे असलेली बड्या धेंडांची प्रकरणे मागे ठेवली गेली. १९४७ च्या अखेरीस आणि १९४८ साली ती पुढे आली तोवर रशियाशी वितुष्ट वाढले होते, जेत्यांना जर्मनीची गरज भासू लागली होती, आणि वॉशिंग्टनहून ‘आवरा’ असा तगादा सुरू झाला होता. परिणामी १९४६ साली गावच्या पोस्टमास्तराला जो दंड भरावा लागला त्याहून सौम्य निकाल पुढे त्याच्या जिल्ह्याच्या पुढाऱ्याला मिळाला. तिन्ही पाश्चात्त्य विभागांची बेरीज पाहिली तर निम्म्याहून अधिक प्रकरणे होयबांच्या वर्गात जमा झाली, वरचे दोन वर्ग मिळून दीड टक्काही भरले नाहीत. लुट्स नीटहामर या इतिहासकाराने या सगळ्या यंत्रणेला होयबांचा कारखाना म्हटले आहे. मुख्य अपराधी म्हणून आत शिरलेला माल पलीकडल्या दाराने होयबा होऊन बाहेर पडे, आणि पेर्झिलशाइन हे त्या कारखान्याचे इंधन होते.

पुढे सारे झपाट्याने झाले. १९५० च्या डिसेंबरात नव्या पश्चिम जर्मन प्रजासत्ताकाच्या लोकसभेने हे काम संपविण्याची शिफारस केली, आणि १९५१ च्या मे महिन्यातील कायद्याने वरच्या दोन वर्गांतले वगळून बाकीच्या बडतर्फ सरकारी नोकरांना परत येण्याची वाट मोकळी झाली. हा कायदा राज्यघटनेच्या १३१ व्या कलमाखाली झाला. प्रश्नावलीतील प्रश्नही १३१ होते, हा निव्वळ योगायोग, पण जर्मन नागरिकाला तो ध्यानात आला असणारच. शब्द मात्र दप्तरात गेला नाही. एखाद्या समितीने एखाद्या मंत्र्याला निर्दोष ठरविले की जर्मन वर्तमानपत्रे आजही त्याला पेर्झिलशाइन मिळाल्याचे लिहितात.

पुडीची एक गोष्ट सांगायची राहिली. १९३९ साली युद्ध सुरू होताच पेर्झिल बाजारातून काढून घेण्यात आली होती, आणि तिच्या जागी सर्वांना सारखीच, बिननावाची, सरकारी ठरावाची पूड मिळू लागली. ज्या वर्षांत तिच्या नावाचे लाखो दाखले लिहिले गेले त्या वर्षांत खरी पेर्झिल दुकानात मिळत नव्हती. माणसे धुऊन निघत होती आणि गृहिणी साध्या पुडीने चादरी घासत होत्या. १९५० साली ती पुन्हा विक्रीस आली, तेव्हा तिच्या नावाचे दाखले दप्तरांत बांधले जाऊ लागले होते.