बदलीचा हुकूम आणि कारणाची नोंद

महाराष्ट्राच्या गावकारभारात पाटील आणि कुलकर्णी ही पदे वतनाची, म्हणजे पिढीजात हक्काची असत. पद, त्याचे उत्पन्न आणि गाव ही एकाच हक्काची अंगे असल्यामुळे वतनदाराची बदली ही कल्पनाच त्या व्यवस्थेत संभवत नव्हती. १९५०च्या कायद्याने कुलकर्णी वतने आणि १ जानेवारी १९६३ पासून महसुली पाटीलकी संपुष्टात आली, आणि गावाचे दप्तर पूर्णपणे पगारी व बदलीपात्र तलाठ्याच्या हाती गेले. सरकारी नोकराचा गावाशी असलेला हक्काचा संबंध असा तुटला. पुढे न्यायालयांत लढला गेलेला वाद त्या तुटलेल्या संबंधाच्या जागी कोणते संरक्षण यावे, याचा होता.

बदलीचा अधिकार त्याआधीच नियमबद्ध झाला होता. १ जानेवारी १९२२ पासून लागू झालेल्या ‘मूलभूत नियमां’नी सरकारी नोकराचा सर्व वेळ सरकारच्या अधीन ठरवला, आणि अकार्यक्षमता, गैरवर्तन किंवा स्वतःची लेखी विनंती ही कारणे वगळता त्याला कमी वेतनाच्या पदावर धाडता येणार नाही, एवढीच मर्यादा बदलीवर घातली, म्हणजे संरक्षण मिळाले ते वेतनाला, ठिकाणाला नव्हे. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३११ ने बडतर्फी, सेवेतून काढून टाकणे आणि पदावनती यांपूर्वी चौकशी आवश्यक केली, परंतु बदलीचा समावेश त्यात नसल्यामुळे बदली झालेल्या कर्मचाऱ्याला समानतेच्या हक्काचा आधार घेऊन न्यायालयाकडे जावे लागले.

तमिळनाडूचे मुख्य सचिव ई. पी. रॉयप्पा यांनी आपल्या बदलीविरुद्ध हाच मार्ग घेतला. त्यांच्या याचिकेवरील नोव्हेंबर १९७३च्या निकालात मनमानी आणि समानता या परस्परविरोधी गोष्टी आहेत, असे तत्त्व मांडले गेले आणि ते समानतेच्या हक्काच्या पुढील विवेचनाचा पाया ठरले. रॉयप्पा मात्र हरले, कारण दुष्ट हेतू सिद्ध करण्याचा जड भार आरोप करणाऱ्यावरच असतो, असेही त्याच निकालाने सांगितले. पुढील दोन दशकांत बदली ही ‘सेवेची आनुषंगिक बाब’, म्हणजे नोकरी पत्करताना आपोआप स्वीकारलेली अट, हे सूत्र पक्के झाले. सुरतेहून उकाई येथे बदली झालेला गुजरात विद्युत मंडळाचा एक कर्मचारी रुजू झाला नाही, तेव्हा १९८९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की केवळ निवेदन दिल्याने आदेशाला स्थगिती मिळत नाही आणि हजर न होणारा शिस्तभंगाच्या कारवाईस पात्र ठरतो. शिलाँगहून पौडी येथे पाठवलेल्या एस. एल. अब्बास यांच्या प्रकरणात १९९३ मध्ये असे ठरले की पती-पत्नींना शक्यतो एकाच ठिकाणी ठेवण्यासारखी मार्गदर्शक तत्त्वे सरकारने विचारात घ्यावीत, पण त्यांतून न्यायालयाकडून बजावून घेता येईल असा हक्क निर्माण होत नाही.

दरम्यान दाद मागण्याचे ठिकाण बदलले होते. बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने आलेल्या अनुच्छेद ३२३-अ नुसार १९८५ मध्ये प्रशासकीय न्यायाधिकरणांचा कायदा झाला आणि १९९१ मध्ये महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे कर्मचाऱ्यांच्या बोलीतले ‘मॅट’, सुरू झाले. मंच जवळ आला तरी हातात नियम नव्हता. तो अण्णा हजारे यांच्या आंदोलनाच्या रेट्यातून साकारलेल्या आणि १ जुलै २००६ पासून अंमलात आलेल्या, राज्य सरकारी कर्मचाऱ्यांच्या बदल्यांविषयीच्या कायद्याने दिला. या कायद्याच्या दुसऱ्या भागात कामातील विलंबाला प्रतिबंध असल्यामुळे त्याला ‘दफ्तर दिरंगाई कायदा’ असेही म्हणतात. त्याने सर्वसाधारणपणे तीन वर्षांचा पदावधी ठरवला, बदल्यांसाठी एप्रिल-मे हा हंगाम नेमला, आणि मुदतपूर्व बदली करायची असल्यास विशेष कारण लेखी नोंदवून लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घेणे बंधनकारक केले. २०१३ मध्ये टी. एस. आर. सुब्रमण्यम यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने किमान पदावधी आणि नागरी सेवा मंडळे यांविषयी निर्देश देऊन हाच विचार देशपातळीवर नेला.

या कायद्यानंतर वादाचा रोख पालटला. अमुक ठिकाणी राहण्याचा हक्क कर्मचाऱ्याला आजही नाही, आणि एकतर्फी कार्यमुक्त केलेल्याला स्थगिती मिळेपर्यंत त्याच्या खुर्चीवर दुसरा रुजू झालेला असू शकतो. परंतु सरकारला आता आपली नस्ती, म्हणजे निर्णयाची मूळ फाईल, न्यायाधिकरणापुढे ठेवावी लागते, आणि ‘प्रशासकीय कारणास्तव’ या दोन शब्दांमागे खरे कारण नोंदलेले आहे की नाही, हे तिच्या पानांवरून तपासले जाते. वतनदाराजवळ गाव होते. त्याच्या जागी आलेल्या पगारी नोकराला दीर्घ वादानंतर मिळाली ती या नोंदीवर बोट ठेवण्याची सोय.