मुंगसाचे देशांतर

मुंगूस हा शब्द इंग्रजीत गेला तो मराठीतून, असे कोशकार सांगतात. परप्रांतात राहणाऱ्या आम्हां मराठी माणसांना याचा अभिमान वाटावा हे साहजिक आहे. परंतु शब्दाप्रमाणे तो प्राणीही समुद्रापार गेला, आणि तेथील त्याची कीर्ती निराळी आहे.

१८७२ साली जमैकातील एस्प्यूट नामक मळेवाल्याने कलकत्त्याहून चार नर व पाच माद्या अशी नऊ मुंगसे मागविली. उसात उंदरांनी उच्छाद मांडला होता. प्रयोग साधला असा बोलबाला झाला, आणि १८८३ मध्ये हवाई बेटांवरील मळेवाल्यांनी जमैकाहून ७२ मुंगसे आणविली. उंदीर हिंडतो बहुधा रात्री, मुंगूस दिवसा. ही साधी बाब कोणी लक्षात घेतलेली दिसत नाही. दफ्तरात आयुष्य घालविणाऱ्या आम्हांला याचे नवल वाटत नाही. मागणी, मंजुरी आणि मालाची पोच झाली की प्रकरण मिटले, असे मानणारे सर्वत्र असतात.

वटवाघळाखेरीज जमिनीवरचा एकही सस्तन प्राणी त्या बेटांवर मुळात नव्हता. त्यामुळे तेथील नेने हा पक्षी (आमच्या नेने मंडळींशी त्याचा संबंध नाही, तो कलहंसाच्या कुळातला) जमिनीवरच निर्धास्त घरटे करी. पिले सांभाळण्याच्या काळात त्याची पिसे झडतात व त्याला उडताही येत नाही. बंदूक, मांजरे आणि डुकरे यांनी आधीच गांजलेल्या या पक्ष्याची अंडी-पिले मुंगसाला आयती सापडली. १९५० च्या सुमारास रानात जेमतेम तीस नेने उरले.

हवाईत त्यांचे पालन १९४९ मध्ये सुरू झाले. पुढल्याच वर्षी इंग्लंडात स्लिमब्रिज येथे पीटर स्कॉट यांच्याकडे एक ‘जोडी’ पोचली. दोघांनीही अंडी घातली, तेव्हा दोन्ही माद्याच असल्याचे उमगले! घाईघाईने नर मागवावा लागला. तेथे वाढलेले पक्षी १९६२ पासून माउई बेटावर सोडण्यात आले.

खरी वाढ झाली ती मात्र काउआई बेटावर. मुंगूस वसला नाही असे हे बेट. १९८२ च्या वादळात पिंजऱ्यांतून सुटलेले थोडे नेने तेथे आपोआप फोफावले, आणि आज त्यांची सर्वांत मोठी वस्ती तेथेच आहे. २०१२ मध्ये त्याच बेटावर दोन जिवंत मुंगसे पकडली गेली. त्यांतील एक बंदरात सापडले.