त्वचावर्ण, मानवी : शहापूर व मुरबाड परिसर

माणसाच्या कातडीचा रंग, तो ठरवणारी जनुके व त्यामागची उत्क्रांती यांची ठाणे जिल्ह्याच्या ग्रामीण भागाला धरून केलेली नोंद. कातडीचा रंग मुख्यतः मेलॅनिन या रंगद्रव्याने ठरतो. काळसर-तपकिरी यूमेलॅनिन आणि तांबूस-पिवळसर फिओमेलॅनिन असे त्याचे दोन प्रकार आहेत. बाह्यत्वचेच्या तळाशी असलेल्या रंगपेशी ते तयार करतात व कणांच्या रूपाने आजूबाजूच्या पेशींना पुरवतात. गोऱ्या आणि काळ्या माणसाच्या कातडीत रंगपेशींची संख्या साधारण सारखीच असते. फरक असतो तो कणांच्या आकारात, संख्येत व पसरण्यात. केशवाहिन्यांतील रक्त व आहारातील कॅरोटीन यांचाही रंगाला थोडा हातभार लागतो.

प्रदेश व लोक : शहापूर व मुरबाड हे तालुके सह्याद्रीच्या पायथ्याशी, सुमारे १९.२५ ते १९.५ उत्तर अक्षांशाच्या आसपास आहेत. शहापूर तालुका अनुसूचित क्षेत्रात असून मुरबाडचा काही भाग त्यात मोडतो. कातकरी, ठाकूर (क व म), महादेव कोळी, मल्हार कोळी, वारली या जमाती आणि कुणबी, आगरी इत्यादी समाज येथे शेजारी शेजारी राहतात. कातकरी ही महाराष्ट्रातील तीन विशेष असुरक्षित आदिवासी गटांपैकी एक. कोलाम व माडिया गोंड हे अन्य दोन. मुरबाड तालुक्याच्या माथ्यावरील नाणेघाटातून सातवाहन काळापासून कल्याण बंदर व जुन्नर यांच्यात मालाची व माणसांची ये-जा होती. अशा वाटेच्या पायथ्याची लोकवस्ती हजारो वर्षे बाहेरच्या संपर्कावाचून राहिली, ही कल्पना मुळातच टिकणारी नाही.

मोजमापाचा इतिहास : एकोणिसाव्या शतकातील प्रशासकीय लेखनात जमातींचे वर्णन बांधा, केस, नाक व कातडीचा रंग यांवरून करण्याची रीत होती. १८८२ चे ठाणे जिल्ह्याचे गॅझेटियर व आर. ई. एन्थोवेन यांचे १९२०–२२ मधील तीन खंडांचे ‘ट्राइब्ज अँड कास्ट्स ऑफ बॉम्बे’ हे या पठडीतील ग्रंथ होत. हर्बर्ट रिस्ले यांनी नाकाच्या रुंदी-लांबीच्या गुणोत्तरावरून जातींची उतरंड मांडली आणि मराठी मुलखातील लोकांना ‘सिथो-द्राविडी’ असे नाव दिले. हे नाव नंतरच्या संशोधनात टिकले नाही. कातडीच्या रंगासाठी त्या काळी फेलिक्स फॉन लुशान यांची ३६ रंगीत काचतुकड्यांची पट्टी वापरत. तुकडा कातडीशेजारी धरून डोळ्यांनी जुळवायचा, त्यामुळे मोजणाऱ्याच्या नजरेवर आणि उजेडावर निकाल अवलंबून राही.

जमातींवर स्वतंत्र ग्रंथ लिहिणाऱ्यांत ए. एन. वेलिंग (कातकऱ्यांवर, १९३४) व ल. ना. चापेकर (‘ठाकूर्स ऑफ द सह्याद्री’, १९६०) यांची नावे येतात. दोन्ही ग्रंथ प्रामुख्याने समाजजीवनाचे आहेत. शरीररचनेच्या अभ्यासकाने ते त्याच नात्याने वाचावेत.

महाराष्ट्रातील शारीर मानवशास्त्राला शिस्त लावली ती इरावती कर्वे यांनी. १९२८ ते १९३० या काळात त्या बर्लिनमध्ये ऑयगेन फिशर यांच्या हाताखाली शिकल्या. फिशर वंशश्रेष्ठतेचे पुरस्कर्ते होते आणि कवटीच्या दोन बाजूंतील असमानतेचा वंशाशी संबंध आहे, असे त्यांचे गृहीत होते. कर्वे यांनी कवट्या मोजल्या. वंशानुसार असा भेद आढळत नाही, असा निष्कर्ष त्यांनी प्रबंधात नोंदवला. गुरूच्या मताविरुद्ध, तेही जर्मनीत त्या दिवसांत, मोजमापाच्या बळावर उभे राहणे ही मराठी विज्ञानपरंपरेतील फार मोठी घटना आहे आणि तिला अजून पुरेसे स्थान मिळालेले नाही. १९३९ पासून त्या पुण्याच्या डेक्कन कॉलेजात होत्या. वि. म. दांडेकर यांच्यासह त्यांनी महाराष्ट्रातील मानवमितीची मोजमापे १९५१ मध्ये प्रसिद्ध केली. कैलासचंद्र मल्होत्रा यांच्याबरोबरच्या १९६८ च्या लेखात त्यांनी एकाच सामाजिक दर्जाच्या आठ अंतर्विवाही गटांची तुलना केली. हे सर्व गट ब्राह्मणच म्हणवत. तरीही त्यांच्यात जैविक अंतर भरपूर निघाले. जीवशास्त्राच्या दृष्टीने अर्थपूर्ण असते ती ज्या गटात लग्ने होतात ती जात, चातुर्वर्ण्यातील वर्ण नव्हे, हे कर्वे यांचे प्रतिपादन त्यामुळे भक्कम झाले.

याच काळात मुंबईत एल. डी. संघवी व वसंत खानोलकर यांनी सहा अंतर्विवाही गटांतील सात आनुवंशिक लक्षणांची आकडेवारी १९५० मध्ये मांडली, तर १९५२ मध्ये य. म. भेंडे व सहकाऱ्यांनी ‘बॉम्बे रक्तगटा’चा शोध जाहीर केला. रक्तगट एका-दोन जनुकांवर ठरतो. त्वचावर्णाचे तसे नाही, म्हणून त्याचा उलगडा व्हायला आणखी अर्धे शतक जावे लागले.

आनुवंशिकी : त्वचावर्ण हा अनेक जनुकांचा एकत्रित परिणाम आहे. त्यामुळे एकाच आईबापांची मुले एक सावळे, एक निमगोरे, एक गव्हाळ अशी निपजतात. त्यात नवल मानण्यासारखे, किंवा आईच्या चारित्र्यावर शंका घेण्यासारखे, काही नाही.

एसएलसी२४ए५ हे पंधराव्या गुणसूत्रावरील जनुक २००५ मध्ये चर्चेत आले. अमेरिकेत कीथ चेंग यांच्या गटाने झेब्रामाशाच्या फिकट रंगाच्या जातीत या जनुकातील बिघाड शोधला व माणसातील त्याच जनुकाशी तो ताडून पाहिला. या जनुकाने बनणाऱ्या प्रथिनाच्या १११ व्या जागी ॲलनीनऐवजी थ्रिओनीन आले की रंग उजळतो. युरोपीय लोकांत हा बदल जवळजवळ सर्वांत आढळतो. पूर्व आशियाई लोकांत तो क्वचितच दिसतो. त्यांचा उजळ रंग वेगळ्या जनुकांमुळे आला आहे.

भारतासाठी महत्त्वाचा अभ्यास २०१३ चा. दक्षिण भारतातील १,२२८ व्यक्तींच्या कातडीचा रंग यंत्राने मोजला गेला. त्यांच्यातील रंगभेदापैकी सुमारे २७ टक्के भाग या एका बदलाने स्पष्ट झाला. याखेरीज भारतीय उपखंडातील ५४ लोकसमूहांतील १,५७३ व्यक्तींत या बदलाचे प्रमाण तपासले गेले. ते समूहागणिक खूप वेगळे निघाले आणि त्यावर भाषा, भूगोल व लोकसंख्येचा इतिहास या तिन्हींचा ठसा दिसला. उपखंडातील व युरोपातील बदल एकाच मूळ प्रतीपासून आलेला आहे. तिचे वय २२ ते २८ हजार वर्षे काढले गेले. नैसर्गिक निवडीच्या खुणा उत्तर भारतात आढळल्या, दक्षिणेत नाहीत. उरलेले ७३ टक्के इतर जनुके, ऊन व मोजमापातील चूक यांच्या वाट्याला जातात, हे सांगितल्याशिवाय २७ टक्क्यांचा आकडा उद्धृत करू नये.

भारतीयांचे जनुकीय घटक दोन मोठ्या पूर्वजप्रवाहांच्या मिश्रणातून आले, असे २००९ मधील एका अभ्यासाने दाखवले. २०१३ च्या दुसऱ्या अभ्यासाने या मिश्रणाचा काळ आजपासून सुमारे ४,२०० ते १,९०० वर्षे मागे ठरवला. त्यात आदिवासी समूहही आले. मिसळण सर्वत्र झाली, नंतर जातीबाहेरची लग्ने थांबली. ‘शुद्ध मूळ’ व ‘शुद्ध आर्य’ या दोन्ही कल्पना त्यामुळे गळून पडतात. प्रवाह नेमके केव्हा, कोठून व कोणत्या भाषेसह आले, यावर मतभेद आहेत.

उत्क्रांती : आदिमानवाच्या अंगावरचे दाट केस गेले तेव्हा उघड्या कातडीला ऊन सोसण्यासाठी मेलॅनिनचे आवरण आवश्यक झाले. एमसी१आर या जनुकाच्या अभ्यासावरून गडद वर्ण किमान १२ लाख वर्षांपूर्वी स्थिर झाला, असा अंदाज २००४ मध्ये मांडला गेला. नीना जॅब्लॉन्स्की व जॉर्ज चॅपलिन यांनी २००० मध्ये दोन दाबांचा सिद्धांत मांडला. अतिनील किरणांनी शरीरातील फोलेट नष्ट होते, आणि फोलेट कमी पडले तर गर्भाच्या मज्जारज्जूत दोष राहू शकतो. म्हणून कडक उन्हाच्या प्रदेशात गडद वर्ण लाभदायक. मंद उन्हात मात्र ‘ड’ जीवनसत्त्व पुरेसे तयार व्हावे म्हणून उजळ वर्ण बरा. फोलेटच्या भागावर आक्षेप आहेत. कर्करोगापासून संरक्षण किंवा कातडीचा बाह्य थर बळकट होणे ही पर्यायी कारणे सुचवली जातात. आफ्रिकेत २०१७ मध्ये झालेल्या अभ्यासाने उजळ व गडद, दोन्ही वर्णांचे काही जनुकीय बदल तेथेच आणि आधुनिक मानवापूर्वी उपजल्याचे दाखवले.

ऊन व काम : शहापूर–मुरबाडला मे महिन्याच्या मध्यास आणि जुलैच्या शेवटच्या आठवड्यात सूर्य थेट डोक्यावर येतो. पहिल्या वेळी आकाश निरभ्र असते. दुसऱ्या वेळी ढग व पाऊस असल्याने किरणांचा मारा बराच घटतो. भाताची आवणी याच काळात चालते. वीटभट्टीचा हंगाम मात्र दिवाळीनंतर सुरू होऊन पावसापर्यंत जातो. कातकरी कुटुंबे भट्टीवर राहतात आणि हिवाळा-उन्हाळ्याचे सगळे ऊन अंगावर घेतात. उन्हाने चढलेला रंग व जन्मजात रंग या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. म्हणूनच यंत्राने रंग मोजताना दंडाची आतली, झाकलेली बाजू निवडतात. चेहऱ्यावरून केलेल्या जुन्या नोंदींत कामाचे ऊन वंशाच्या नावावर जमा झाले, हे गॅझेटियर वाचताना लक्षात ठेवले पाहिजे.



वैद्यकीय महत्त्व : गडद कातडीत रक्तक्षय, कावीळ व ऑक्सिजनची कमतरता वरवर पाहून चटकन कळत नाही. फिकेपणा खालच्या पापणीच्या आत, जिभेवर, नखांवर व तळहातावर पाहावा लागतो. बोटाला लावायचे ऑक्सिजनमापक यंत्र काळ्या वर्णाच्या रुग्णांत प्रमाण प्रत्यक्षाहून जास्त दाखवू शकते. अमेरिकेतील २०२० च्या एका अभ्यासात असा धोक्याचा तुटवडा यंत्राच्या नजरेतून निसटण्याचे प्रमाण काळ्या रुग्णांत गोऱ्यांच्या सुमारे तिप्पट आढळले. सिकलसेल हा विकार महाराष्ट्राच्या आदिवासी पट्ट्यात आढळतो व त्याच्या निर्मूलनाचे राष्ट्रीय अभियान १ जुलै २०२३ रोजी सुरू झाले. हा विकार एकाच जनुकातील बदलामुळे होतो आणि कातडीच्या रंगाशी त्याचा संबंध नाही. आश्रमशाळा व पाड्यांवर मुलांची तपासणी करणाऱ्यांनी रंग पाहून अंदाज न बांधता हिमोग्लोबिन मोजावे.