३१ जुलै २०१७, रात्रीचे बारा

तीन महिने बाकी
एप्रिल सरत आला आहे, उन्हाळी परीक्षा चालू आहेत आणि मुंबई विद्यापीठ ठरवतं: यंदा सगळ्या उत्तरपत्रिका संगणकाच्या पडद्यावर तपासायच्या. ४७७ परीक्षा, सतरा लाखांहून अधिक उत्तरपत्रिका. प्राध्यापकांचं प्रशिक्षण मागाहून.

साडेसहाशे तास बाकी
४ जुलै. राज्यपाल आणि कुलपती चे. विद्यासागर राव कुलगुरू संजय देशमुखांना बजावतात, ३१ जुलैपर्यंत सगळे निकाल लावा. कायद्याने निकाल ३० दिवसांत, फार तर ४५ दिवसांत लागायला हवा. कित्येक परीक्षांची ही मुदत केव्हाच उलटली आहे.

शेवटचा आठवडा
वर्ग बंद ठेवून प्राध्यापक संगणकासमोर बसले आहेत. लॉगिन होता होत नाही. झालंच, तर पान अर्धवट स्कॅन झालेलं. मुख्य उत्तरपत्रिका समोर दिसते, पुरवणीचा पत्ता नाही. बारकोड जुळला नाही तर ती कुणाची हे यंत्राला कळत नाही. त्या पुरवणीत एखाद्याचे दहा-पंधरा गुण असतात, म्हणजे पास-नापासातलं सगळं अंतर.

शून्य तास
मध्यरात्र उलटते. वाणिज्य, विधी बाकीच. नव्या तारखा जाहीर होतात, त्याही जातात. ९ ऑगस्टला कुलगुरू सक्तीच्या रजेवर. कार्यभार शिवाजी विद्यापीठाचे देवानंद शिंदे यांच्याकडे.

त्यानंतर
विधीचे विद्यार्थी उच्च न्यायालयात जातात आणि न्यायालय विद्यापीठाकडे जाब मागतं. पण न्यायाधीश उत्तरपत्रिका तपासायला बसत नाहीत. पुनर्मूल्यांकन हा आपोआप मिळणारा हक्क नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये महाराष्ट्राच्याच परीक्षा मंडळाच्या खटल्यात सांगितलं. आपली तपासलेली उत्तरपत्रिका माहिती अधिकारात पाहता येते, हे २०११ मध्ये. गुण परीक्षकानेच द्यावेत, हे मलाही मान्य आहे. पण विद्यापीठाने स्वतःच्या कायद्यातली मुदत पाळावी म्हणून विशीतल्या मुलांना वकील शोधावा लागतो, हे मला कधीच मान्य होणार नाही. सुनावणी लांबते तेवढे पुढच्या प्रवेशाचे दिवस कमी होतात, आणि ते दिवस कुठलाही आदेश परत आणून देत नाही.

२४ ऑक्टोबरला देशमुखांना पदावरून दूर केलं जातं. १८५७ पासूनच्या इतिहासात असं पहिल्यांदाच घडतं. तोवर हजारोंनी पुनर्मूल्यांकनाचे अर्ज भरलेले असतात: छायाप्रतीचे पैसे वेगळे, तपासणीचे वेगळे. त्यातले कित्येक निकाल लागायच्या आत हिवाळी परीक्षा दारात येते. ज्या विषयात आपण कदाचित पास आहोत, त्याच विषयाचा एटीकेटीचा फॉर्म भरायचा, पुन्हा पैसे भरायचे, पुन्हा तेच पुस्तक उघडायचं. फॉर्म भरला नाही आणि गुण वाढले नाहीत, तर सत्र गेलं.